दवाखान्याचे राजकारण कोण लिहिणार?

मराठीत आरोग्यावर भरमसाट पुस्तके येतात, राजकारणावर त्याहून जास्त येतात आणि दोघांची गाठ कुठेच पडत नाही. करोना येऊन गेल्यावर तरी ती पडेल, असे वाटले होते. पडली नाही. कोल्हापुरातल्या कुठल्याही ग्रंथप्रदर्शनात एका टेबलावर मधुमेह, गुडघेदुखी आणि दिवसातून किती वेळा जेवावे याची पुस्तके. समोरच्या टेबलावर पहाटेचा शपथविधी, पक्षफूट, गुवाहाटी. २०२१ च्या जून-जुलैत राज्याचे आकडे खाली येऊ लागले तरी कोल्हापूर जिल्ह्याचे येत नव्हते. त्या दिवसांत इथली सत्ता कशी वागली, खाटा कोणाच्या शब्दावर मिळाल्या, ऑक्सिजनसाठी कोणाचा फोन चालला, याचा हिशेब मांडणारे राज्यशास्त्राचे एक धड मराठी पुस्तक माझ्या वाचनात आलेले नाही. त्या रागातून हा लेख लिहितो आहे.

बाकीच्यांचा निकाल आधी लावतो. आहाराची पुस्तके इथे विचारात घेण्याचे कारण नाही. नामवंत शल्यविशारदांची आत्मचरित्रे म्हणजे सत्कार समारंभातली भाषणे आहेत. करोनाच्या आठवणींत करुणा पुष्कळ आहे, प्रश्न एकही नाही. निवडणूक विश्लेषणाच्या पुस्तकांत मतदारसंघ असतो, जात असते, साखर कारखाना असतो. त्या मतदारसंघातले ग्रामीण रुग्णालय नसते.

आनंद देणारे पुस्तक आहे, पण ते इंग्रजीत आहे आणि त्यात महाराष्ट्राला स्वतंत्र प्रकरण नाही. प्रेरणा सिंग या राज्यशास्त्राच्या अभ्यासक. त्यांचे ‘हाऊ सॉलिडॅरिटी वर्क्स फॉर वेल्फेअर’ २०१५ मध्ये केंब्रिजने काढले. एकाच देशात, एकाच राज्यघटनेखाली केरळ आणि तामिळनाडूतली मुले जगतात, शिकतात आणि उत्तर प्रदेशातली मागे राहतात, हे का, असा त्यांचा प्रश्न. नेहमीची उत्तरे त्या बाजूला ठेवतात. डाव्या पक्षांची सत्ता, पक्षांमधली चुरस, राज्याची श्रीमंती, यांपैकी एकटे काही पुरे पडत नाही, असे त्या दाखवतात आणि बोट ठेवतात ‘आपण’ या भावनेवर. ज्या प्रांतातल्या पुढाऱ्यांनी आणि लोकांनी भाषेच्या, प्रदेशाच्या नावाने एकमेकांना आपले मानले, तिथे सरकारने शाळा-दवाखान्यांवर खर्च केला आणि लोकांनी त्या शाळा-दवाखान्यांवर पहारा ठेवला. यातला दुसरा भाग मला अधिक मोलाचा वाटतो. दवाखान्याला कुलूप दिसले तर केरळातला माणूस गप्प बसत नाही, कारण तो दवाखाना त्याला आपला वाटतो.

आजच्या केरळातल्या त्रावणकोर संस्थानावरचा भाग तर कोल्हापूरकराने दोनदा वाचावा. संस्थानातल्या वरच्या जागा बाहेरून आलेल्या ब्राह्मण अधिकाऱ्यांकडे आहेत, या तक्रारीतून १८९१ मध्ये ‘मल्याळी मेमोरियल’ हा अर्ज राजापुढे गेला. नोकऱ्यांच्या भांडणातून ‘आम्ही मल्याळी’ ही ओळख तयार झाली, आणि त्या ओळखीतून पुढे सगळ्या मल्याळ्यांच्या आरोग्याची, शिक्षणाची जबाबदारी राज्यकर्त्यांना घ्यावी लागली. आता आपल्याकडे पाहा. २६ जुलै १९०२ रोजी शाहू महाराजांनी कोल्हापूर संस्थानात मागासवर्गीयांसाठी निम्म्या जागा राखून ठेवल्या. भांडण तेच, काळही जवळपास तोच. त्यांच्या भांडणातून मल्याळी उभा राहिला, आपल्या भांडणातून बहुजन उभा राहिला. बहुजनांच्या राजकारणाने काय मिळवले हे सांगायला मी नको. पण त्या राजकारणाने दवाखाना आपला का मानला नाही, हा प्रश्न सिंग यांच्या पुस्तकाने माझ्यापुढे टाकला. मराठीत तो अजून कोणी नीट विचारलेला नाही.

शाहू महाराजांच्या कारकिर्दीची सुरुवातच दुष्काळ आणि प्लेग यांनी झाली. १८९४ मध्ये अधिकार हाती आले, दोनच वर्षांनी दुष्काळ आणि त्याच्या पाठोपाठ प्लेग. गावे रिकामी करणे, लोकांना बाहेर झोपड्यांत हलवणे, टोचणीसाठी त्यांचे मन वळवणे, हे सगळे संस्थानाला करावे लागले. पुण्यात याच काळात प्लेग अधिकारी रँडच्या अंमलाखाली गोरे सोजीर घरात शिरले आणि २२ जून १८९७ च्या रात्री चापेकरांनी रँडवर गोळी झाडली. पुण्याच्या प्लेगची आठवण महाराष्ट्राच्या राजकीय इतिहासात पक्की बसली. कोल्हापूरच्या प्लेगची आठवण मात्र चरित्रांतल्या ‘प्रजावत्सल राजा’ या प्रकरणात जाऊन पडली. लठ्ठ्यांनी लिहिलेले चरित्र घ्या, कीरांचे घ्या. प्लेगातले काम हा राजाच्या दयाळूपणाचा दाखला ठरतो. एका संस्थानाने साथीच्या निमित्ताने आपली प्रशासनाची यंत्रणा कशी उभारली आणि प्रजेशी बळजबरी न करता कसे जुळवून घेतले, याचा धांडोळा राज्यशास्त्राने घ्यायला हवा होता. १८९७ चा साथरोग कायदा २०२० मध्ये पुन्हा वापरात आला, तेव्हा या अभ्यासाची गरज किती ताजी होती हे साऱ्यांना दिसले.

बहुजनांच्या राजकारणाची ऊर्जा गेली कुठे, तर वसतिगृहांत. कोल्हापूर हे वसतिगृहांचे माहेरघर ठरले. कुंभोजच्या कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९१९ मध्ये रयत शिक्षण संस्था काढली आणि शाळा ही बहुजनांची स्वतःची गोष्ट झाली. बाई मूठभर धान्य देते आणि शाळेवर हक्क सांगते, हे चित्र या भागाने पाहिले आहे. दवाखान्याच्या बाबतीत असे झाले नाही. कोल्हापुरात दरबाराचे आल्बर्ट एडवर्ड हॉस्पिटल होते, आजचे सीपीआर. शेजारी मिरजेत १८९४ पासून डॉ. वॉनलेस यांचे मिशनचे रुग्णालय होते. एक राजाने दिलेले, दुसरे मिशनऱ्यांनी दिलेले. आरोग्याला कर्मवीर मिळाला नाही. सत्यशोधकांच्या परंपरेत आरोग्याचा धागा नव्हता असे म्हणता येत नाही. सावित्रीबाई फुले १० मार्च १८९७ रोजी गेल्या त्या प्लेगच्या रोग्यांची सेवा करताना. पण त्या मृत्यूतून आपण त्याग घेतला, धोरण घेतले नाही.

आणि तरीही आरोग्याचे राजकारण मांडणारा एक माणूस याच जिल्ह्यात जन्मला. आजरा तालुक्यातले बहिरेवाडी हे जे. पी. नाईकांचे गाव, जन्म १९०७ चा. गारगोटीचे मौनी विद्यापीठ, कोठारी आयोगाचे सदस्य-सचिवपद, पुण्याची भारतीय शिक्षण संस्था, एवढे आपल्याला पाठ असते. नाईक हे भारतीय सामाजिक विज्ञान संशोधन परिषदेचे पहिले सदस्य-सचिव, म्हणजे या देशातल्या राज्यशास्त्राच्या संशोधनाला पैसा आणि दिशा देणाऱ्या संस्थेचे घडवणारे, हेही काहींना ठाऊक असते. पण त्याच परिषदेने वैद्यकीय संशोधन परिषदेबरोबर एक अभ्यासगट नेमला, डॉ. रामलिंगस्वामी त्याचे अध्यक्ष आणि नाईक सदस्य-सचिव होते, आणि त्या गटाचा ‘हेल्थ फॉर ऑल: अॅन ऑल्टरनेटिव्ह स्ट्रॅटेजी’ हा अहवाल १९८१ मध्ये पुण्याहून प्रसिद्ध झाला, हे गारगोटीत तरी किती जणांना माहीत आहे?

हा अहवाल मी सार्वजनिक आरोग्यावरचा आपल्याकडचा सर्वांत राजकीय दस्तऐवज मानतो. नाईक काही डॉक्टर नव्हते, आणि तेच फायद्याचे ठरले. शहरातले मोठे रुग्णालय, त्यातला तज्ज्ञ, त्याच्या चिठ्ठीवरचे औषध, हे प्रारूप पाश्चात्त्यांकडून उचललेले आहे आणि ते मूठभरांच्या सोयीचे आहे, असे हा अहवाल सरळ म्हणतो. त्याच्या जागी तो गावापासून सुरू होणारी व्यवस्था मागतो. आरोग्यसेवक गावाने निवडावा, गावाला जबाबदार असावा, पैसा आणि अधिकार स्थानिक लोकनियुक्त संस्थेकडे असावेत. गरिबी आणि विषमता हटल्याशिवाय आरोग्य येणार नाही, असेही बजावतो. डॉक्टर आणि औषध कंपन्या यांची साखळी जनतेला लुबाडणार नाही यावर सतत नजर हवी, हा इशारा त्यात आहे. राष्ट्रीय उत्पन्नाचा सहा टक्के हिस्सा आरोग्यावर खर्चावा, असे त्यांनी सुचवले. २०१७ च्या राष्ट्रीय आरोग्य धोरणाने सरकारी खर्चाचे उद्दिष्ट ठेवले ते अडीच टक्क्यांचे, तेही २०२५ पर्यंत.

आरोग्यसेवेचा आराखडा आखणाऱ्या भोर समितीने १९४६ मध्ये काय दिले याची पारायणे आपण करतो. भोर समिती उदार होती, पण तिचा विश्वास प्रशासनावर होता. नाईकांचा विश्वास पंचायतीवर होता. आणि त्यांची मागणी राबवायला महाराष्ट्राइतकी तयार जमीन दुसरीकडे क्वचितच असेल, कारण इथे १९६२ पासून जिल्हा परिषदा आहेत आणि प्राथमिक आरोग्य केंद्रे त्यांच्या हाताखाली आहेत. अहवाल निघाला त्याच वर्षी, ३० ऑगस्ट १९८१ रोजी, नाईक गेले. शिक्षणातल्या नाईकांना शिष्य मिळाले, आरोग्यातल्या नाईकांना राज्यशास्त्रात वारस मिळाला नाही.

वारसा उचलला तो डॉक्टरांनी, आणि त्यांचे ऋण मान्य केलेच पाहिजे. डॉ. अनंत फडके यांनी सातारा जिल्ह्यातला औषधपुरवठा आणि औषधांचा वापर तपासून १९९८ मध्ये पुस्तक लिहिले; जिल्ह्याला लागतात ती औषधे कोणती आणि येतात ती कोणती, हे तपासण्यासाठी साखरसम्राटांच्या भागात जाऊन केलेले असे काम दुर्मीळ आहे. डॉ. अभय बंग यांच्या ‘कोवळी पानगळ’ने बालमृत्यूंची सरकारी नोंद किती अपुरी आहे ते दाखवले आणि सरकारला समिती नेमायला लावली. डॉ. अरुण गद्रे आणि डॉ. अभय शुक्ला यांनी ७८ डॉक्टरांकडून खासगी व्यवसायातली कट प्रॅक्टिस वदवून घेतली. त्यांचे ‘डिसेंटिंग डायग्नॉसिस’ २०१६ मध्ये आले. २००७ पासून राज्यात लोकाधारित देखरेख सुरू झाली. गावकरी आपल्या उपकेंद्राला हिरवा, पिवळा किंवा लाल रंग देतात आणि तो तक्ता घेऊन जनसुनवाईत वैद्यकीय अधिकाऱ्यापुढे उभे राहतात. नाईकांच्या अहवालातली कल्पना मी प्रत्यक्षात कुठे पाहिली असेल तर त्या तक्त्यात.

पण या लिखाणाला एक मर्यादा आहे. डॉक्टर शासनाला उद्देशून लिहितो. पुरावा दिला की शासन सुधारेल, असे तो मनात धरून चालतो. सुधारत नाही तेव्हा ‘राजकीय इच्छाशक्तीचा अभाव’ असे लिहून प्रकरण संपवतो. इच्छाशक्ती का नाही, ती नसण्यात कोणाचा लाभ आहे, हे शोधणे हे राज्यशास्त्राचे काम. आणि आपले राज्यशास्त्र तिथे गैरहजर आहे.

हे मी अनादराने म्हणत नाही. राजेंद्र व्होरा आणि सुहास पळशीकर यांनी ‘महाराष्ट्रातील सत्तांतर’ लिहिले, पळशीकर आणि नितीन बिरमल यांनी जिल्ह्याजिल्ह्यांतल्या राजकारणाचे अभ्यास एकत्र केले, त्यावर माझ्या पिढीची समज उभी आहे. सत्ता कारखान्यातून कशी जाते, जिल्हा बँकेतून कशी जाते, दूध संघातून कशी जाते, हे त्यांनी शिकवले. गोकुळ दूध संघाची निवडणूक कोल्हापुरात विधानसभेपेक्षा चुरशीची का होते, हे आम्ही त्यांच्यामुळे सांगू शकतो. दवाखान्यातून जाणारी सत्तेची वाट मात्र त्या नकाशावर ठळक झाली नाही. आणि ती वाट आता हमरस्ता झाली आहे.

महात्मा फुले जन आरोग्य योजनेतल्या कुठल्याही खासगी रुग्णालयात जाऊन दारालगतच्या आरोग्यमित्राच्या टेबलापाशी अर्धा तास थांबा. नातेवाइकाच्या हातात केशरी रेशनकार्ड, आधारकार्ड आणि तपासण्यांची पिशवी. आजार योजनेच्या यादीत बसतो की नाही, पूर्वमंजुरी आली की नाही, यावर पेशंटचे ऑपरेशन अडलेले. मंजुरी आली नाही की नातेवाईक खिशातून मोबाइल काढतो आणि फोन लावतो तो पुढाऱ्याच्या कार्यालयात. तिथे आरोग्याचे काम पाहणारा कार्यकर्ता असतो. तो रुग्णालयाशी बोलतो, मुख्यमंत्री सहायता निधीचा अर्ज भरून देतो, आमदारांचे पत्र जोडतो. काम झाले तर ते कुटुंब त्या पुढाऱ्याचे झाले. वाढदिवसाच्या फ्लेक्सवर ‘भव्य आरोग्य शिबिर’ आणि मोफत चष्मे असतात ते याच व्यवहाराचे. गावचे आरोग्य केंद्र चोख चालले तर या फोनची गरज उरणार नाही. मोडलेला दवाखाना पुढाऱ्याला लागतो. हे मी आरोप म्हणून लिहीत नाही, संशोधनाचे गृहीतक म्हणून लिहितो. कोणी तरी ते तपासून खोटे ठरवावे.

दुसरी गोष्ट मालकीची. १९८३ मध्ये वसंतदादा पाटलांच्या सरकारने विनाअनुदानित व्यावसायिक महाविद्यालयांना दार उघडले. १९८४ मध्ये लोणी आणि कराड इथे वैद्यकीय महाविद्यालये निघाली, पुढे राज्यभर निघत गेली. सहकारात मुरलेली घराणी शिक्षणात आली आणि शिक्षणातून रुग्णालयात. त्यांतून खेड्यातली मुले डॉक्टर झाली, रुग्णांना खाटा मिळाल्या, हे खरे आहे. पण ज्या सभागृहाने खासगी रुग्णालयांवर कायदा करायचा, त्या सभागृहात रुग्णालयांचे संस्थापक बसू लागले. केंद्राचा वैद्यकीय आस्थापना कायदा २०१० चा. महाराष्ट्राने तो स्वीकारलेला नाही. १९८३ चा निर्णय आणि हा नकार यांच्यातला दुवा दाखवणारा प्रबंध कुठे आहे?

‘सरकारची ताकदच नाही’ हे उत्तर आता चालणार नाही. २१ मे २०२० च्या आदेशाने याच राज्याने खासगी रुग्णालयांतल्या ८० टक्के खाटा आपल्या दरात घेतल्या. साध्या वॉर्डला दिवसाला ४,००० रुपये, अतिदक्षता विभागाला ७,५००, व्हेंटिलेटरसह ९,०००. बिले तपासायला लेखापरीक्षक बसवले. पळवाटा निघाल्या, वादही झाले, पण वर्षानुवर्षे अशक्य म्हटलेले दरनियंत्रण काही आठवड्यांत अमलात आले. मग साथ ओसरल्यावर ते कोणी आणि कसे मोडीत निघू दिले? हा प्रश्न कुठल्याही पक्षफुटीच्या कथेइतका थरारक आहे.

नाईकांची पंचायत तरी उरली का, पाहा. मार्च २०२२ मध्ये जिल्हा परिषदांची मुदत संपली आणि प्रशासक बसले. तीन वर्षांहून अधिक काळ प्राथमिक आरोग्य केंद्राबद्दल जाब विचारणारा निवडून आलेला सदस्यच नव्हता. निवडणुका अडवणाऱ्या ओबीसी आरक्षणाच्या खटल्याच्या बाजूने याची चर्चा खूप झाली, आरोग्य केंद्राच्या बाजूने झाली नाही. ऑक्टोबर २०२३ मध्ये नांदेडच्या सरकारी रुग्णालयात २४ तासांत २४ मृत्यू झाल्याची बातमी आली तेव्हा औषधांच्या तुटवड्यावर आठवडाभर आरडाओरडा झाला. तामिळनाडूने औषधखरेदीचे स्वतंत्र महामंडळ १९९४ मध्ये काढले. महाराष्ट्राने तसे प्राधिकरण आणण्याचा कायदा केला २०२३ मध्ये. मधली २९ वर्षे कोणाला सोयीची होती, हे विचारणारा लेखक मला हवा आहे.

महाराष्ट्राचे आकडे इतके वाईट नाहीत, असे मला सांगण्यात येईल. खरे आहे. नमुना नोंदणी पाहणीनुसार २०२० मध्ये देशाचा अर्भकमृत्युदर हजारी २८ होता आणि आपला १६. पण केरळचा ६ होता, तामिळनाडूचा १३. देशातल्या सर्वांत मोठ्या अर्थव्यवस्थेचा अभिमान सांगणाऱ्या राज्याने सरासरीशी तुलना करून समाधान मानू नये. शिवाय सुबत्ता आली की आरोग्य येते, हा समज खोटा ठरवायला कोल्हापूर पुरेसे आहे. २००१ च्या जनगणनेत या ऊसपट्ट्यातल्या जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलग्यांमागे ८३९ मुली होत्या. गर्भलिंगनिदानावर देशात पहिला कायदा १९८८ मध्ये महाराष्ट्राने केला होता, त्यानंतरची ही स्थिती. सोनोग्राफी यंत्रांना ‘सायलेंट ऑब्झर्व्हर’ लावण्याचा प्रयोग इथे जिल्हाधिकारी असताना लक्ष्मीकांत देशमुख यांनी केला आणि ‘सावित्रीच्या गर्भात मारलेल्या लेकी’ हा कथासंग्रहही त्यांनीच लिहिला. म्हणजे कथाकार तिथे पोचला. जमीन, वारसा, कारखान्याचा शेअर आणि मुलगा यांची सांगड राजकीय अर्थशास्त्राने घालायची होती, ती राहिली.

पाण्याचेही तेच. २०१२ मध्ये इचलकरंजीत काविळीची साथ आली, माणसे गेली. पंचगंगेत जयंती नाला मिसळतो हे शाळकरी पोराला माहीत आहे. काळम्मावाडीच्या थेट पाइपलाइनवर कोल्हापूरने कितीतरी निवडणुका लढवल्या आणि २०२३ च्या दिवाळीत ते पाणी शहरात आले. या शहरातले सर्वांत मोठे सार्वजनिक आरोग्याचे काम हेच. आम्ही ते विकासकाम म्हणून मोजले, श्रेयाचे भांडण म्हणून चघळले.

शिवाजी विद्यापीठाच्या राज्यशास्त्र विभागाकडे आणि राज्यातल्या अशा सगळ्या विभागांकडे माझे मागणे आहे. नाईकांचा अहवाल मराठीत आणा आणि एम. ए.च्या अभ्यासक्रमात लावा. आजऱ्यापासून शिरोळपर्यंत एकेका तालुक्यातल्या एका आरोग्य केंद्राचा वीस वर्षांचा इतिहास विद्यार्थ्यांकडून लिहून घ्या. जागा कोणाच्या गावात मंजूर झाली, डॉक्टरची बदली कोणी थांबवली, रुग्ण कल्याण समितीवर कोण बसले, आशाताईंच्या मोर्चाला कोण आले आणि कोण आले नाही, हे सगळे तिथल्या दप्तरात आणि माणसांच्या तोंडी आहे. ज्यांनी केंद्राच्या फाटकाला कुलूप ठोकून डॉक्टर मिळवला, त्या गावांपासून सुरुवात करा.